मोर नाचतो, पण पेटी कुणाची?

इंदापूर तालुक्यातली जिल्हा परिषदेची एक शाळा, जानेवारीतली संध्याकाळ, स्नेहसंमेलन. स्टेजवर पहिली-दुसरीतले सहा मोर रांगेत उभे. पिसारे पुठ्ठ्याचे, त्यावर निळा-हिरवा क्रेप कागद, कमरेला सुतळी. ब्लूटूथ स्पीकर दोनदा खाकरला आणि आशा भोसले गाऊ लागल्या. पाच मोर नाचायला लागले. सहावा गर्दीत आईला शोधत होता, आणि आई मोबाइल आडवा धरून खुर्चीवर चढलेली. दुसऱ्या कडव्यात त्याची सुतळी सुटली, पिसारा खाली पडला. पोरानं तो उचलला, दोन्ही हातांनी डोक्यावर धरला आणि तसाच उड्या मारत राहिला. सगळ्यात जास्त टाळ्या त्यालाच पडल्या.

शेजारच्या खुर्चीवर गावातले एक जाणते गृहस्थ होते. त्यांना विचारलं, "अण्णा, या गाण्याची चाल कुणाची हो?"

अण्णांनी टोपी सारखी केली. "चाल? पोरांचं गाणं हाय ते. त्याला कुठली आली चाल? पयल्यापासनं असंच म्हणत्यात."

पुलंनी हे ऐकलं असतं तर ते खूश झाले असते, असं मला उगाचच वाटलं. कारण 'नाच रे मोरा'ची चाल त्यांची. हो, तेच पु. ल. देशपांडे. 'व्यक्ती आणि वल्ली'वाले, 'म्हैस'वाले. चित्रपट 'देवबाप्पा', साल १९५३, शब्द ग. दि. माडगूळकरांचे, दिग्दर्शन राम गबाल्यांचं. म्हणजे आपण पुलंना वाचायच्या कितीतरी आधी त्यांच्या चालीवर नाचून मोकळे झालेलो असतो आणि पुढं जन्मभर त्यांना फक्त विनोदी लेखक म्हणतो. हा माणूस पडद्यावरचा नायक होता, संगीतकार होता, आणि भारतात टेलिव्हिजन नावाची वस्तू सुरू झाली तेव्हा त्या खोक्याच्या आत पहिल्यांदा शिरलेल्या मंडळींपैकी होता. बारामती-इंदापूरच्या रस्त्यावर तर त्याच्या खुणा जागोजागी सापडतात. बघा पटतंय का.

बारामतीचा जुना मोर

मोराचा आणि बारामतीचा संबंध 'देवबाप्पा'हून फार जुना. अठराव्या शतकात इथं एक 'मयूर' राहत होता. मोरोपंत पराडकर, जन्म १७२९चा, पन्हाळगडावरचा. बाबूजी नाईकांच्या आश्रयानं बारामतीत आले, इथलेच झाले आणि १७९४मध्ये इथंच गेले. त्यांच्या गाजलेल्या काव्याचं नाव 'केकावली'. शाळेत आपण हे नाव पाठ केलं, पण 'केका' म्हणजे काय ते परीक्षेपुरतंही कुणी विचारलं नाही. केका म्हणजे मोराची आर्त हाक. मोरोपंत स्वतःला मयूर म्हणवत, म्हणून देवाला घातलेली त्यांची साद ही केकांची माळ.

पंतांनी एकशे आठ रामायणं रचली असं सांगतात. त्यात एक 'निरोष्ठ रामायण' आहे. ओठाला ओठ लागेल असं एकही अक्षर त्यात घ्यायचं नाही, म्हणजे प, फ, ब, भ, म सगळे बाद. आता गंमत बघा, रामायण लिहायचं आणि 'राम' म्हणायची सोय नाही. हा शब्दांचा खेळ पुलंनाही आवडला असता, फक्त त्यांनी तो पेटीवर बोटं ठेवून खेळला असता.

तर बारामतीच्या एका मोरानं हाक मारली आणि दीडशे-पावणेदोनशे वर्षांनी दुसरा मोर नाचला. त्या दुसऱ्या मोराला शब्द देणाऱ्या कवीचं नावही बारामतीत आहेच. विद्या प्रतिष्ठानचं गदिमा सभागृह सगळ्यांना माहीत. तिथं गॅदरिंगला 'नाच रे मोरा' लागतं तेव्हा शब्दांचा मालक दारावरच्या पाटीवर असतो, चालीचा मालक कुठंच नसतो.

गुळाचाच गणपती, गुळाचाच नैवेद्य

बारामतीच्या बाजारात गुळाच्या ढेपा बघत मोठं झालेल्या माणसाला ही म्हण समजावून सांगावी लागत नाही. पुलंनी १९५३मध्ये 'गुळाचा गणपती' काढला तेव्हा म्हण अक्षरशः खरी केली. कथा त्यांची, पटकथा त्यांची, संवाद त्यांचे, दिग्दर्शन त्यांचं, संगीत त्यांचं आणि पडद्यावर भोळसट, दिवास्वप्नं बघणारा नायक नाऱ्या, तोही तेच. गाणी तेवढी गदिमांची. आज मल्टिप्लेक्सच्या भाषेत याला काय म्हणतील कोण जाणे. तेव्हा मराठीत 'सबकुछ पु. ल.' असा शब्दप्रयोगच रूढ झाला.

आणि एवढं सगळं एकट्यानं केल्यावर माणसानं काय करावं? त्यांनी सिनेमा सोडला. पस्तिशीच्या आत. पुढं पटकथेच्या निमित्तानं ते परत आले, पण 'संगीतकार आणि नायक' हे प्रकरण तिथंच मिटलं.

हा काळ जेमतेम सहा-सात वर्षांचा. १९४७चा 'कुबेर', १९४८चा 'भाग्यरेखा', त्याच वर्षीचा 'वंदे मातरम्', १९५०चा 'पुढचं पाऊल' अशी अभिनयाची गाडी धावली. 'पुढचं पाऊल'मध्ये समोर हंसा वाडकर. 'वंदे मातरम्'मध्ये तर सुनीताबाई नायिका. नवरा-बायको पडद्यावर एकत्र, आणि ही नायिका पुढं घरी नवऱ्याच्या प्रत्येक कागदावर करडी नजर ठेवणार आहे, हे तेव्हाच्या प्रेक्षकांना काय माहीत!

जोडीला चालीही होत होत्या. 'देव पावला'मधलं माणिक वर्मांचं 'कबीराचे विणतो शेले' त्यांचं. ज्योत्स्नाबाई भोळ्यांनी गायलेलं, राजा बढ्यांचं 'माझिया माहेरा जा' त्यांचं. पाडगावकरांचे शब्द आणि अभिषेकीबुवांचा गळा लाभलेली 'शब्दावाचून कळले सारे' आणि 'माझे जीवन गाणे' हीसुद्धा त्यांचीच. या यादीतली निदान दोन गाणी तुम्हाला येतात, आणि ती कुणाची म्हणून विचारलं असतं तर तुम्ही दुसरंच नाव घेतलं असतं. मीही घेतलं होतं, भर कार्यक्रमात, माइकवर. नंतर चहा पिताना एका ज्येष्ठ श्रोत्यानं कानाशी येऊन चूक सांगितली. त्या माणसाचे उपकार आहेत. माइक बंद होईपर्यंत तो थांबला.

वारीतला सिनेमा

आता खरी गंमत. तुकोबांची पालखी पुण्याहून निघते, यवत, वरवंड, उंडवडी करत बारामतीत मुक्कामाला येते. दुसऱ्या दिवशी काटेवाडी. तिथं परीट समाज धोतरांच्या पायघड्या घालतो आणि रथाभोवती मेंढ्यांचं रिंगण होतं. शेकडो मेंढ्या, धुळीचा लोट, मागं आरोळ्या देणारे मेंढपाळ. हे एकदा तरी बघाच. मग सणसर, बेलवाडीचं गोल रिंगण, निमगाव केतकी, इंदापूर, सराटीला नीरेत स्नान आणि पालखी जिल्ह्याबाहेर.

या सगळ्या वाटेवर चहाचे, नाश्त्याचे, पाय चेपून द्यायचे मंडप. प्रत्येक मंडपावर कर्णा आणि प्रत्येक कर्ण्यावर कधी ना कधी पंडित भीमसेन जोशी. त्यात 'इंद्रायणी काठी' लागलं की चहाचा कागदी कप हातात धरून उभा असलेला वारकरीही मान डोलावतो. त्याला विचारा, अभंग कुणाचा? कुणी तुकोबांचा म्हणेल, कुणी नामदेवांचा. मी सणसरच्या अलीकडं एका मंडपात विचारलं, तर पोहे वाढणाऱ्या मावशी चिडल्याच. "देवाचा अभंग देवाचाच असतो की, कुणाचा म्हंजी काय?"

मावशी, माफ करा. तो अभंग नाही. ते सिनेमातलं गाणं आहे. 'गुळाचा गणपती', १९५३. शब्द गदिमांचे, चाल पु. ल. देशपांड्यांची, आवाज भीमसेनांचा. पुढं भीमसेन ते मैफलींत गात राहिले, संतवाणीच्या पंगतीत ते इतकं चपखल बसलं की सिनेमा विसरला गेला आणि गाणं वारीला लागलं. विनोदी सिनेमातलं गाणं लोकांनी देवघरात नेऊन ठेवावं, असा मान फार थोड्या संगीतकारांना मिळाला असेल.

एक चोखंदळ शंका इथं कुणीतरी काढणारच. गाणं आळंदीचं, पालखी देहूची, मग तुकोबांच्या वाटेवर ज्ञानोबांचं गाव कसं? पण देहूही इंद्रायणीकाठचंच. नदी एकच आहे, भांडू नका.

इंदापूरचा विषय निघालाच आहे तर एका शाहिराचं नाव घेतल्यावाचून पुढं जाता येत नाही. अमर शेख. बार्शीचे, मूळ नाव मेहबूब हुसेन पटेल, संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीतला डफावरचा दणदणीत आवाज. तेही पडद्यावर आले होते. १९६१च्या 'प्रपंच'मधला कुंभार आठवतोय? ते अमर शेख, समोर सुलोचनाबाई. २९ ऑगस्ट १९६९ला इंदापूरजवळ अपघातात ते गेले. त्यांच्या नशिबी टेलिव्हिजन आलाच नाही. मुंबईत केंद्र सुरू व्हायला अजून तीन वर्षं होती.

जिथं पेटीला बंदी, तिथंच नोकरी

पुलंच्या हाताखालून पेटी कधी सुटलीच नाही. पार्ल्यात वाढलेल्या या पोरानं दत्तोपंत राजोपाध्यांकडं हार्मोनियमचे धडे घेतले आणि कोवळ्या वयात थेट बालगंधर्वांसमोर वाजवून दाखवली. पुढं वसंतराव देशपांडे, भीमसेन, कुमार गंधर्व यांच्या बैठकींत पेटीवर कोण बसलंय हे बघायला लोक माना उंच करत.

असा पेटीवेडा माणूस १९५५मध्ये आकाशवाणीत लागला. आणि आकाशवाणीवर तेव्हा पेटीला बंदी होती! थट्टा नाही. १९४०पासून १९७१पर्यंत भारतीय रेडिओवर हार्मोनियम वाजत नव्हती. कारण असं की या वाद्यात प्रत्येक स्वराची पट्टी वेगळी. सा वरून रे वर घसरत, घोळत जाता येत नाही, म्हणजे मींड निघत नाही. शिवाय तिचे स्वर परदेशी पद्धतीनं समान अंतरावर बसवलेले, आपल्या श्रुतींशी त्यांचं जमत नाही. हे आक्षेप खोटे नव्हते, पण खेडोपाडी भजनी मंडळांना कोण समजावणार? बारामती तालुक्यातल्या मारुतीच्या देवळात एकादशीला पेटी वाजतच राहिली. रेडिओवर तेवढी ती नव्हती.

माझं मत विचाराल तर त्या बंदीचा एक उलटा फायदा झाला असावा. पेटी घरात राहिली, आणि घरातल्या पेटीवर ज्या चाली बसतात त्या गुणगुणायला सोप्या होतात. 'नाच रे मोरा'ची चाल पाच वर्षांच्या पोराच्या गळ्यात एका दिवसात बसते. ना अवघड ताना, ना उंच पट्टी. अशी चाल करायला किती अक्कल लागते, हे बालगीतांना संगीत द्यायला बसलेल्या कुणालाही विचारा.

प्रक्षेपण निमगाव केतकीपर्यंतच

पुलंना त्यांच्या नोकरीनं पन्नासच्या दशकाच्या अखेरीला लंडनला पाठवलं, बीबीसीत टेलिव्हिजन शिकायला. त्या प्रवासातून मराठीला 'अपूर्वाई' मिळाली, १९६०मध्ये. लोकांना पुस्तक आठवतं. पण ते गेले होते कॅमेरा, दिवे आणि स्टुडिओ शिकायला, हे कुणाच्या लक्षात नसतं. सरकारी प्रशिक्षणातून निघालेलं इतकं हसरं पुस्तक दुसरं दाखवा आणि माझ्याकडून मिसळ घ्या.

परत आले आणि १५ सप्टेंबर १९५९ला दिल्लीत राष्ट्रपती राजेंद्रप्रसादांच्या हस्ते टेलिव्हिजन सुरू झाला. आजच्या पोरांना हसू येईल असा कारभार. युनेस्कोचं वीस हजार डॉलरचं अनुदान, फिलिप्सनं प्रदर्शनासाठी आणलेला एक छोटा ट्रान्समीटर, सार्वजनिक ठिकाणी मांडलेले मोजके संच. कार्यक्रम आठवड्यातून दोनदा. रोजचं प्रक्षेपण सुरू व्हायला १९६५ उजाडलं. टेलिव्हिजनचं स्वतंत्र घरदेखील नव्हतं, तो आकाशवाणीच्याच घरात पोटभाडेकरू होता. दोघांची चूल वेगळी झाली १९७६मध्ये.

प्रक्षेपणाचा पल्ला साधारण चाळीस किलोमीटर. हे आपल्या भाषेत सांगतो. तो मनोरा बारामतीत उभा केला असता तर चित्र निमगाव केतकीच्या पानमळ्यांपर्यंत कसंबसं पोचलं असतं आणि इंदापूरच्या अलीकडंच मुंग्या सुरू झाल्या असत्या. 'पानवाला' लिहिणाऱ्या माणसाचा कार्यक्रम निमगावच्या पानमळ्यात जाऊन संपला असता, हेही बरंच म्हणायचं.

दिल्ली केंद्राचे पहिले निर्माते म्हणून पुलंचं नाव घेतलं जातं, आणि पंडित नेहरूंची भारतीय टेलिव्हिजनसाठीची पहिली मुलाखत घेतली तीही पुलंनी. डोळ्यांसमोर आणा. सहा वर्षांपूर्वी सिनेमात नाऱ्या झालेला माणूस देशाच्या पंतप्रधानांसमोर बसलाय. वर तापलेले दिवे, समोर अवजड कॅमेरा, आणि बघणारे किती, तर दिल्लीच्या आसपासच्या मोजक्या संचांपुढं जमलेली माणसं. आज काटेवाडीच्या कट्ट्यावर बसून एखादा पोरगा मोबाइलवर लाइव्ह आला तर त्याला याहून जास्त प्रेक्षक मिळतील.

आमच्या भागात टेलिव्हिजन आला तो फार उशिरा. मुंबई केंद्र सुरू झालं २ ऑक्टोबर १९७२ला. पुढं गावात चार-दोन संच दिसू लागले, ते लाकडी शटरचे, वर क्रोशाचं झाकण. अँटेना फिरवायला एक माणूस कौलावर, एक अंगणात, एक घरात. "आलं का?" "नाही." "आता?" "मुंग्या आल्या." "आता?" "आलं, आलं, हलू नको!" मग तो कौलावरचा माणूस संपूर्ण 'छायागीत' वर बसून नुसताच ऐकायचा. आमच्या वाड्यात तो मी असायचो, म्हणून सांगतोय.

नट एक, बिऱ्हाडं अनेक

सरकारी नोकरी पुलंना फार मानवली नाही. दिल्ली सुटली, आणि १९६१पासून रंगमंचावर एकटा माणूस 'बटाट्याची चाळ' घेऊन उभा राहिला. चाळीतली सगळी बिऱ्हाडं, सगळे आवाज, सगळी भांडणं एकाच अंगात. आज स्टँडअपच्या नावाखाली तिकिटं विकणाऱ्या मराठी पोरांनी या आजोबांना एकदा नमस्कार करायला हरकत नाही. त्यातले बरेच करतातही.

नाटकांचं तर सांगायलाच नको. 'सुंदर मी होणार'वरून हिंदीत 'आज और कल' निघाला, १९६३मध्ये, अशोककुमार आणि सुनील दत्त यांना घेऊन. १९७५च्या 'ती फुलराणी'त भक्ती बर्वे होत्या; त्याच भक्तीताई, ज्यांना लोक मुंबई दूरदर्शनच्या पडद्यावर बघत. प्राध्यापक झाले होते सतीश दुभाषी, पुलंचे मामेभाऊ. आणि १९९२च्या 'एक होता विदूषक'साठी जब्बार पटेलांनी पुलंनाच लिहितं केलं, लक्ष्मीकांत बेर्डे यांना रडवणारी भूमिका मिळाली. लक्ष्मीकांतनं त्या एका सिनेमात जे केलं ते मला त्याच्या पन्नास हिट सिनेमांपेक्षा मोठं वाटतं. पटत नसेल तर परत बघा.

टेलिव्हिजननं पुढं पुलंची परतफेडही केली. २०१८मध्ये एका हिंदी वाहिनीवर 'नमुने' नावाची मालिका आली. त्यात पुलंच्या वल्ली हिंदी बोलू लागल्या आणि खुद्द पुलं झाले संजय मोने. २०१९मध्ये महेश मांजरेकरांनी दोन भागांत 'भाई: व्यक्ती की वल्ली' हा सिनेमा काढला, त्यात सागर देशमुख.

आठ आणे आणि बारा जून

थोडं घरचं. भाई, म्हणजे पुलं, आणि सुनीताबाईंचं लग्न झालं रत्नागिरीत, नोंदणी पद्धतीनं. खर्च? फॉर्मचे आठ आणे, आणि तेही सुनीताबाईंनी दिले. त्यांच्या 'आहे मनोहर तरी'मुळे हे सगळ्या महाराष्ट्राला ठाऊक झालं. आमच्याकडं हल्ली साखरपुड्यात ड्रोन उडतो, त्या पार्श्वभूमीवर हा आकडा परत एकदा वाचावा.

तारीख होती १२ जून १९४६. पुलं गेले तेही १२ जूनलाच, साल २०००. लग्नाला चोपन्न वर्षं पूर्ण झाली त्या दिवशी.

आठ आण्यांचा हिशेब ठेवणाऱ्या या घरानं द्यायची वेळ आली तेव्हा मात्र हात आखडला नाही. १९६५मध्ये पु. ल. देशपांडे फाउंडेशन काढलं. पुण्यात १९८६मध्ये डॉ. अनिल आणि डॉ. अनिता अवचट यांनी मुक्तांगण व्यसनमुक्ती केंद्र सुरू केलं, त्याला सुरुवातीचं लाखाचं बळ याच दोघांनी दिलं.

पुरस्कारांची यादी लांब आहे, दोनच सांगतो. साहित्य अकादमी १९६५चा, 'व्यक्ती आणि वल्ली'साठी. आणि १९९६चा महाराष्ट्र भूषण, जो सुरू झाला तोच पुलंपासून.

मोढव्याचा सूरज

आता थेट २०२४. बारामती तालुक्यातलं मोढवे गाव. तिथला सूरज चव्हाण टिकटॉकवर नाचत-बोलत महाराष्ट्रभर पोचला, २०२०च्या जूनमध्ये टिकटॉक बंद झालं तरी थांबला नाही, आणि ६ ऑक्टोबर २०२४ला 'बिग बॉस मराठी'चं पाचवं पर्व जिंकला. बक्षीस १४ लाख ६० हजार. दुसरा आला अभिजीत सावंत, देशाचा पहिला 'इंडियन आयडॉल'. पुढच्या वर्षी एप्रिलमध्ये केदार शिंद्यांनी सूरजला नायक करून 'झापुक झुपूक' नावाचा सिनेमाच काढला.

पुलंच्या लेखात सूरज कशाला, असं काही सुजाण वाचक म्हणतील. सांगतो. पुलं सिनेमातून टेलिव्हिजनकडं गेले, लंडनला जाऊन शिकून. सूरज टेलिव्हिजनवरून सिनेमात आला, खिशातला मोबाइल हीच शाळा. 'झापुक झुपूक' हा शब्द कुठल्या कोशात नाही, पण आमच्या भागातलं शेंबडं पोरही तो बोलतं. माणसांच्या बोलण्यातल्या लकबी टिपून वल्ली उभ्या करणाऱ्या भाईंनी मोढव्याची एखादी फेरी नक्की मारली असती, आणि परतताना वहीत पाच-सहा शब्द असते. मला सूरजचा सिनेमा फार आवडला नाही. पण जिंकल्याच्या रात्री चावडीसमोर फटाके वाजले तेव्हा मीही खिडकी उघडून बघत होतो, हे कबूल करतो.

चित्रात लेखणी नव्हती

८ नोव्हेंबर २०२०. पुलंची एकशे एकावी जयंती. त्या दिवशी गुगल उघडलं की पुलंचं चित्र दिसत होतं. आता जगातल्या सगळ्यात मोठ्या कंपन्यांपैकी एकीनं मराठीतल्या सगळ्यात लाडक्या लेखकाचं चित्र काढायचं म्हटल्यावर हातात काय द्यावं? पुस्तक? लेखणी? चित्रात पुलं पेटी वाजवत होते.

आम्हाला जे शाळेत कुणी सांगितलं नाही, ते गुगलला कळलं होतं.

त्या संमेलनातल्या बाईंना मी नंतर भेटलो. निवेदनाची वही त्यांच्याच हातात होती. त्यात लिहिलं होतं, "आता सादर होत आहे इयत्ता पहिली आणि दुसरीचं मोरनृत्य." मी म्हटलं, "बाई, पुढच्या वर्षी याच ओळीखाली तीन नावं लिहाल? गीत ग. दि. माडगूळकर, संगीत पु. ल. देशपांडे, गायिका आशा भोसले." बाईंनी लगेच पेन काढलं.

तुमच्या शाळेतही जानेवारीत मोर नाचणारच आहेत. तेवढी तीन नावं माइकवरून घ्या. पाच-सात सेकंद लागतात. आणि सुतळीच्या जागी इलास्टिक लावा.